डाव्या हाताचा आशीर्वाद

कल्याणात देवीनं एकदा डाव्या हातानं आशीर्वाद दिला, तो माझ्यामुळे.

माझा मेहुणा, म्हणजे बायकोचा थोरला भाऊ, काचेवरच्या चित्रांचा खेळ दाखवायचा. तळ्याकाठच्या देवळाच्या पटांगणात पांढरा पडदा ताणून तो पाण्यानं भिजवायचा. पडद्याच्या मागे घासलेटचा मोठा कंदील, कंदिलापुढे भिंग, आणि दोन्हींच्या मधल्या खाचेत एकेक रंगवलेली काच सरकवायची. पुढे बसलेल्यांना पडद्यावर माणसाएवढे देव दिसत. त्या दिवशी काचा सरकवणारा गडी हिवतापानं पडला. मेहुणा म्हणाला, "भावोजी, तुम्हीच या. ठाण्याच्या कचेरीत जन्मभर कागद इकडचे तिकडे सरकवलेत, काचा काय जड आहेत?"

काच खाली डोकं वर पाय अशी घातली की चित्र उभं पडतं, एवढं मी घोकून ठेवलं होतं. कोपऱ्यातला तांबडा ठिपका कोणत्या बाजूला यायला हवा, ते मात्र शेवटच्या काचेला विसरलो. ती लक्ष्मीची होती. देवी उभी राहिली, डोकं वर होतं, पाय खाली होते. पण कमळ उजव्या हातात, पदर उजव्या खांद्यावर, नथ उजव्या नाकपुडीत, आणि आशीर्वादाला उचललेला हात डावा. बायकांतून कोणीतरी म्हणालं, "अगबाई, लक्ष्मीला गुजराथेत कधी दिली?" हशा पिकला. मग एक म्हातारी ओरडली, "मेल्यांनो, डाव्या हातानं आशीर्वाद! काढा ते, काढा!" आणि हशा तिथेच थांबला.

आता ती लक्ष्मी कोण होती ते सांगतो.

ती बायकांच्या एका नाटकमंडळीत होती. तिथे राणी तीच, आणि वेळ पडली तर मिशा लावून राजाही तीच. आवाज असा, की शेवटच्या रांगेत शेंगा फोडणारे हात थांबत. पण लुगडं नेसलेला पुरुष बघायला तेव्हा गाव लोटायचं, लुगडं नेसलेल्या बाईचं कौतुक कोणाला? तिनं लाजून मान खाली घातली तर लोक म्हणत, बाईच आहे ती, त्यात कसब कसलं? मंडळी मोडली आणि ती ठाण्याला मावशीकडे येऊन राहिली. मेहुण्याच्या काचा रंगवणाऱ्या चिताऱ्याला समोर उभं राहणारं कोणीतरी हवं होतं. घरंदाज बाई कोण उभी राहणार? तिला बोलावलं. मग आमच्या खेळातली सीता ती, द्रौपदी ती, रावणाची मंदोदरीसुद्धा तीच.

चितारी तिला खिडकीपाशी उभी करी. एक हात वर, ओठ मिटलेले. सवयीनं एखादं पद गुणगुणली की तो खेकसे, "बाई, हनुवटी हलते." एकदा मला म्हणाली, "रावसाहेब, बोलायला शिकण्यात माझं निम्मं आयुष्य गेलं, आणि यांना माझ्यातलं नेमकं तेवढंच नको आहे." मी रावसाहेब नव्हतो, साधा कारकून होतो. पण ती दुरुस्ती मी केली नाही.

तिचं मागणं एकच होतं. "मला एकदा पुढे, बायकांत बसून बघू द्या. इतकी वर्षं सोंगं केली, पण मी कशी दिसते ते मला सोडून सगळ्यांना ठाऊक."

मेहुणा म्हणाला, "तुम्ही तिथे बसलात की बाकीच्या उठतील. या खेळाला घरच्या बायका येतात, त्या हे नाटक नव्हे म्हणून. तुम्ही आपल्या मागे बसा, कंदिलापाशी."

तर त्या संध्याकाळी ती मागे, एका खोक्यावर बसली. ओल्या पडद्यावरचं चित्र मागूनही दिसतं, पण डाव्याचं उजवं होऊन. पहिल्या दोन सीता पाहिल्यावर ती पुटपुटली, "हे तर आरशातलंच. आरसा काय, घरी आहे."

आणि मग माझी ती काच. पुढच्यांची देवी बिघडली, पण मागून बघणारीला ती बरोबर दिसली, पुढच्या रांगेला रोज दिसते तशी. ती खोक्यावरून उठली, पडद्याच्या अगदी जवळ गेली.

"अशी होय मी?" एवढंच म्हणाली.

बाहेर ओरडा चालला होता. मेहुणा दबक्या आवाजात किंचाळत होता, "भावोजी, काच! काच!" आणि मी, साहेबाच्या नुसत्या खाकरण्यानं उठून उभा राहणारा माणूस, काचेवर हात ठेवून बसून राहिलो. शेवटी त्यानंच मला ढकलून ती ओढून काढली.

मी पटांगणात जाऊन सांगितलं, की चूक माझी. कोणी मनावर घेतलं नाही. माझ्या हातून चूक होते ही काही कल्याणात नवी बातमी नव्हती. पण म्हातारीनं कंदिलाभोवतीच्या कनातीच्या फटीतून तिला पाहिलं होतं. "नाटकातली बया देवाच्या काचांपाशी बसवता, मग दुसरं काय व्हायचं?" हे कारण सगळ्यांना पसंत पडलं. मेहुण्यालाही पडलं, कारण त्यामुळे खेळ वाचत होता. तिला त्यानं तिथल्या तिथे निरोप दिला.

दुसऱ्या दिवशी चिताऱ्यानं टर्पेंटाईनचा बोळा घेऊन देवीचं तोंड पुसलं आणि स्वतःच्या मनानं एक गोल तोंड काढलं. हात, कमळ, उभं राहण्याची ढब तिचीच ठेवली. ती चांगली साधली होती ना! त्या काचेला डोंबिवलीपासून ठाण्यापर्यंत लोक अजून हात जोडतात. ठाण्याला मी एकदा चौकशीला गेलो, तर मावशीनं दार अर्धंच उघडलं आणि म्हणाली, "तुमच्याकडची उभं राहायची कामं आता ती करत नाही."

त्या दिवशी जेवताना मी तोंड सोडलं. मेहुण्याला बोललो, म्हातारीला बोललो, गावातल्या एकूणएक बायकांना बोललो. माझी बायको खेळाच्या संध्याकाळी पहिल्या रांगेत होती. ती ताक वाढता वाढता थांबली.

"अहो, मला नका सांगू," ती म्हणाली. "ती माझ्या शेजारी येऊन बसली असती, तर मीसुद्धा उठले असते. आणि नसते उठले, तर तुम्हीच हाक मारून उठवलं असतंत."