गजाननापुढचा नारळ

पडद्यावरचा खलनायक खरोखरच्या लॉकअपमध्ये कसा दिसतो हे बघायला अर्धी हुबळी ठाण्यासमोर उभी होती. नोकरीत पुढे मोठमोठे मोर्चे अडवले, पण ती गर्दी मला विसरता आलेली नाही. मोर्चातल्या माणसाला काहीतरी हवे असते. या गर्दीला फक्त एक माणूस वाईट ठरायला हवा होता.

सत्तरच्या दशकाची अखेर होती. मी फौजदार होतो. त्या माणसाचे नाव इथे लिहीत नाही; सगळे त्याला मास्तर म्हणत, मीही तेच म्हणतो. धारवाडच्या मराठी घरातला, एका शिक्षकाचा मुलगा. शाळा सोडून कन्नड नाटक कंपनीत गेला. आधी नायकाचा मित्र झाला, मग आवाज घोगरा झाला आणि खलनायक झाला. तोच आवाज त्याला बंगळूरला सिनेमात घेऊन गेला. पडद्यावर बायकांचे पदर ओढणारा हा माणूस चित्रीकरण नसले की परत कंपनीत यायचा. पत्र्याच्या थिएटरात, समोर बसलेल्या माणसांच्या शिव्या खात काम केल्याशिवाय त्याला चैन पडत नसे.

कंपनीचा मुक्काम तेव्हा हुबळीत होता. मालकाने फिर्याद दिली की कंपनीतली तरुण नटी सिनेमाच्या आमिषाने मास्तरने पळवली. खबऱ्यानेही दुजोरा दिला: उणकलच्या बसथांब्यावर दोघांना एकत्र पाहिले होते. मास्तर पळाला नव्हता. केशवापुरातल्या भाड्याच्या खोलीत भाकरी खात बसला होता. "हात धुऊन येतो," म्हणाला आणि जीपमध्ये बसला.

चौकशी मीच केली.

"मास्तर, मुलगी कुठं आहे?"

"सुखरूप आहे."

"म्हणजे तुम्हाला ठाऊक आहे."

"हौद्री साहेब," त्याने कानडीत होकार दिला. "ठाऊक आहे. सांगणार नाही."

हवालदार दारात उभा होता. "सिनेमात हे दोन ठोशांत कबूल होतात, साहेब," तो म्हणाला.

"सिनेमात मारून झाल्यावर हीरो मला चहा पाजतो," मास्तर म्हणाला. "तुम्ही पाजणार असाल तर बघू."

हवालदार हसला. मी हसलो नाही. "सांगत का नाही? उद्या तुम्हाला न्यायालयापुढं उभं करावं लागेल."

"करा. इथं बोललेलं संध्याकाळच्या आत मालकाच्या कानावर जातं. तुमच्या ठाण्यातले पहिल्या रांगेत कुणाच्या पासवर बसतात, साहेब?"

नाटकाचा फुकट पास ही लाच आहे असे कुणी मानत नाही. पण त्या पासवर बसलेला शिपाई मालकाचा माणूस होतो, आणि ज्याच्याकडे वाटायला काही नाही त्याच्या बाजूला ठाण्यात कुणी उरत नाही. खबऱ्याला उलटे विचारले तेव्हा कळले की तोही मालकाच्या तिकीटखिडकीवर बसणारा.

मी पंचनाम्यासाठी थिएटरवर गेलो. मुलीची पेटी नव्हती, कपडे नव्हते. पळवून नेलेली मुलगी घड्या घालून कपडे नेत नाही, पण एवढ्यावर माणूस सुटत नाही. रंगमंचाच्या बाजूला कोनाड्यात गजाननाची मूर्ती होती. खेळाआधी तिथे नारळ फोडतात आणि प्रसाद वाटतात. खाली कालच्या खेळाच्या करवंट्या पडल्या होत्या. मूर्तीपुढे मात्र एक सबंध नारळ होता, हळदकुंकू लावलेला, शेंडी सुकलेली. त्याच्याशेजारी घुंगरांचा जोड ठेवला होता.

मालकाची बायको कंपनीत आईच्या भूमिका करायची आणि भटारखानाही बघायची. मी तिला विचारले, "अक्का, हा फोडला का नाही?"

"तो फोडणं आमच्या हातात नाही."

"कुणाच्या हातात?"

तिने नवऱ्याकडे पाहिले. तो बाहेर पंचांना सोडा पाजत होता. मग ती हळू आवाजात म्हणाली, "कंपनी सोडणारा नारळ ठेवतो. मालकानं फोडला की निरोप मिळाला. ही आमची रीत."

"आणि हा कुणी ठेवला?"

"घुंगरं कुणाची आहेत, बघा की." एवढे बोलून ती भात उतरवायला गेली.

मी मालकाला आत बोलावले. "हा नारळ फोडा."

त्याचा चेहरा उतरला. "कशाला, साहेब?"

"फोडायचा नसेल तर उचलून बाहेर टाका."

"अय्यो, असं बोलू नका. रंगदेवतेचा आहे."

"मग तिच्यासमोरच सांगा. मुलगी पळवली गेली, की तुम्हाला कळवून गेली?"

या माणसाने ठाण्यात खोटी फिर्याद दिली होती. वर्तमानपत्रवाल्यांपुढे डोळे पुसले होते. पण तो नारळ हलवायची हिंमत त्याला झाली नव्हती. फोडला असता तर मुलीला मोकळे केल्यासारखे झाले असते, आणि फेकला असता तर कंपनी बुडाली असती, अशी त्याची खात्री. म्हणून त्याच्या खोटेपणाचा पुरावा त्याच्याच देवापुढे रोज उदबत्ती घेत होता. कायद्याला न भिणारा तो माणूस कोनाड्याकडे पाठ करून खाली बसला आणि म्हणाला, "साहेब, मिटवून टाका."

मी परत येऊन मास्तरला सगळे सांगितले. "मी एकटा जाईन, साध्या कपड्यांत. पत्ता सांगा." आता त्याने सांगितला.

ती धारवाडजवळ केलगेरीला, मास्तरच्या बहिणीकडे होती. वयाने सज्ञान, बोलायला स्पष्ट. जबाबात म्हणाली, "मालक म्हणाले, पुढच्या मुक्कामाला तू माझ्या बिऱ्हाडात राहायचं. मी नारळ ठेवला. मास्तरांना म्हटलं, मला कुठंतरी पोचवा. त्यांनी एवढंच विचारलं, 'जेवलीस का?'"

फिर्याद खोटी असल्याचा अहवाल मी पाठवला. मास्तर त्याच दिवशी सुटला. गर्दी होती म्हणून मी मागच्या दाराने जायला सुचवले, पण तो पुढच्या दारानेच गेला. कुणीतरी थुंकले. त्याने रुमालाने बाही पुसली.

सुटकेची बातमी कुणी छापली नाही. सिनेमाला काही फरक पडला नाही, तिथे त्याची बदनामी उपयोगीच पडली. कंपन्यांनी मात्र त्याला पुन्हा कधी बोलावले नाही. "मुलींचे आईबाप ऐकत नाहीत," असे सांगत. मरेपर्यंत तो पुन्हा त्या पत्र्याखाली उभा राहिला नाही.

काही वर्षांनी धारवाडला त्याची शोकसभा झाली. मी गणवेशाविना मागे बसलो होतो. एक प्रतिष्ठित वक्ते उदार होऊन म्हणाले, "कलावंताच्या हातून चूक होते. ती आपण विसरली पाहिजे."

मधल्या रांगेतून एक बाई उठली. मी ओळखले. "कुठली चूक?" ती म्हणाली. "मला कुणी पळवलं नव्हतं. मी माझ्या पायांनी गेले."

अध्यक्षांनी हात जोडले, "बसा अक्का, ही वेळ नव्हे." ती बसली नाही.

या प्रकरणाने मला शिकवले ते एवढेच: निर्दोष माणसाला सोडले म्हणजे न्याय झाला, असे नाही. खोटे चौकात बोलले गेले असेल तर खरे कपाटातल्या अहवालात ठेवून चालत नाही, ते चौकातच मोठ्याने सांगावे लागते. ते काम ती बाई एकटी करत होती.

मी उठलो. "त्या प्रकरणाचा तपास मी केला होता," मी म्हणालो. "ही बाई सांगते ते खरं आहे. आता बाकीचं ऐकून घ्या."