गुलाबभाईंच्या तसबिरीतली माणसं

४ डिसेंबर १९४६. सकाळपासून आभाळ, वारा थंड. आमच्या स्टुडिओला छपराच्या काचेतून येणारं ऊन लागतं, त्यामुळे आज फोटो नाहीत. फोटो नसले की गप्पा होतात, आणि गप्पांत गुलाबभाईंचेच किस्से निघतात. वहीत इकडेतिकडे टिपलेले दोन-चार आज नीट उतरवतो.

गुलाबभाईंचं काम गेलेल्या माणसाला घरच्यांत आणून बसवण्याचं. कुटुंबाचा फोटो घेताना मधली खुर्ची रिकामी ठेवायची, मग जुन्या फोटोवरून चेहरा तिथे उतरवायचा. वर रंग, कधी खऱ्या कापडाचा तुकडा. मी पलीकडच्या टेबलावर चौकटी आणि काचा बसवतो. लोक म्हणतात, गुलाबभाई आत्मे बोलावतात. ते म्हणतात, "माझ्या हाकेला घरची मांजर येत नाही!"

*

सुप्याच्या एका कुटुंबातले मामा दमून त्या रिकाम्या खुर्चीत बसले. भाचा हळूच म्हणाला, "मामा, उठा. ती आबांची जागा हाय. वारले न्हाईत का ते!" मामा उठले ते थेट रस्त्यावर. समजूत घालून आणलं, तर एकच हट्ट: आधी माझा एकट्याचा फोटो काढा, आणि खाली 'हयात' लिहा. गुलाबभाईंनी लिहून दिलं.

*

खर्ड्याचा एक शिपाई लढाईत गेल्याची बातमी आली. घरच्यांनी हारासकट तसबीर करून नेली. आठ महिन्यांनी तोच शिपाई, तीच तसबीर काखेत मारून, दुकानात! गुलाबभाई उठून उभेच राहिले. तो म्हणाला, "हार तेवढा पुसा. बाकी ऱ्हाऊ द्या, गोरा झ्याक केलाय."

*

नेवाशाच्या राधाक्कांना दिसत नाही. थोरला मुलगा नामदेव तापात गेला, त्याचा फोटो कधी काढलेलाच नव्हता. धाकट्याचा हात धरून त्या आल्या आणि म्हणाल्या, "त्याचं तोंड माझ्या बोटांस्नी ठावं हाय. पन आता बोटं इसरायला लागलीत. पुरतं इसरायच्या आत करून दे, गुलाबा."

गुलाबभाईंनी धाकट्याचा फोटो मोठा करून पुठ्ठ्यावर चिकटवला आणि कागदाच्या लगद्याने नाक, कपाळ, कान उठवले. मिशीला धाकट्याच्याच मिशीचे केस, अंगावर नामदेवच्या सदऱ्याचा तुकडा. राधाक्का दर बाजाराला येत, बोटं फिरवत, चुका सांगत. कपाळ रुंद हवं, कानाची पाळी जाड हवी. गुलाबभाई खरवडून पुन्हा लगदा लावत. पाचव्या बाजाराला त्यांची बोटं कानापाशी थांबली. "आता बरुबर," त्या म्हणाल्या.

न्यायला पुढच्या बाजारी यायचं ठरलं. चौकटीशिवाय आमच्याकडून तसबीर बाहेर जात नाही. मी शिसवी चौकट केली, नाक टेकू नये इतकी खोल, आणि उत्तम काच पुसून बसवली. गुलाबभाईंनी पाठ थोपटली.

राधाक्कांनी हात पुढे केला. बोटं वरून खाली गेली. पुन्हा गेली.

"ह्यो कोन?" त्या म्हणाल्या. "गार हाय. सपाट हाय. माझा नामा कुटं हाय, गुलाबा?"

गुलाबभाईंनी माझ्याकडे पाहिलं. मी पक्कड घेतली.

राधाक्का तसबीर पदरात गुंडाळून दुपारच्या मोटारीने नेवाशाला गेल्या. चौकट आणि काच दुकानात आहेत.