मोरिओ इगाराशीची एकोणनव्वद सेकंदं

मोरिओ इगाराशी चमचे पॉलिश करतो. वय त्रेचाळीस, एकाच कारखान्यात बावीस वर्षं. रविवारी तो ड्रम वाजवतो, आणि तेही जवळजवळ तितकीच वर्षं. दोन्ही कामांत त्याची खोड एकच होती. शेवट जवळ आला की त्याचा हात पळू लागे.

कारखाना लहान, पॉलिशच्या चार चाकांचा. मालकीण नेमोतोबाई एकाहत्तर वर्षांच्या, अजूनही रोज स्वतः चाकावर बसतात. दुपारच्या सुट्टीला अर्धा तास उरला की त्या पलीकडून ओरडत, "साडेअकरा वाजले वाटतं. घड्याळ बघायला नको, मोरिओचं चाक ऐकलं की कळतं."

"भूक लागते हो, मालकीणबाई."

"भूक मलाही लागते. पण मी चमच्यावर राग काढत नाही."

चमचे मात्र चांगले होत, म्हणून पुढे कोणी बोलत नसे. घरीही तेच. त्याची बायको साएको म्हणायची, याच्याबरोबर देवळात जायला निघावं तर दोघं, आणि पोचावं तर एकेकटं.

बँडचं नाव हान्दोन. शनिवारी अर्धा दिवस सुट्टी असायची, त्या काळातला हा शब्द. आकिनोरी मिझुकोशी गातो आणि गिटार वाजवतो. तो गॅसचे मीटर तपासत गावभर फिरतो. तोमोए नागुमो बेस गिटार वाजवते. ती दातांच्या दवाखान्यात काम करते आणि दोघांपेक्षा दहा वर्षांनी लहान आहे. नागाओका आणि निइगाताच्या छोट्या हॉलमध्ये महिन्यातून एकदा कार्यक्रम, साठ-सत्तर श्रोते, त्यातले निम्मे ओळखीचे. गाण्याचं ध्रुवपद आलं की मोरिओ आनंदाने पुढे सुटे आणि बाकीचे दोघं त्याच्या मागे धावत. "आमच्या बँडमध्ये ड्रम पुढे आणि गाणं मागे असतं," असं आकिनोरी मंचावरून सांगे. लोक हसत. मोरिओही हसे.

गेल्या वर्षी फेब्रुवारीत हान्दोनला अ‍ॅनिमेचं, म्हणजे टीव्हीवरच्या चित्रमालिकेचं, शीर्षकगीत मिळालं. एका लहान गावातल्या शाळेच्या मुली लांब पल्ल्याची रिले शर्यत धावतात, अशी ती मालिका. दिग्दर्शिका कुझुमीबाईंनी नागाओकात बँडला ऐकलं होतं. तिघांनी सरावाच्या खोलीतच एक कच्चं रेकॉर्डिंग केलं, त्यातली एकोणनव्वद सेकंदं कापून टोकियोला पाठवली. शीर्षकगीत एकोणनव्वद सेकंदांचं, हे देशभर ठरलेलं आहे. उत्तर आठवड्यात आलं. गाणं घेतलं होतं.

दुसऱ्या आठवड्यात आकिनोरीने दोघांना रामेन खायला बोलावलं. हे जरा विचित्रच होतं, कारण रामेनसाठी बोलावणं धाडण्याची पद्धत त्यांच्यात नव्हती.

"टोकियोहून फोन आला होता," आकिनोरी म्हणाला. "रेकॉर्ड कंपनीचे होन्जो-सान. गाणं त्यांना पसंत आहे. फार पसंत आहे."

"मग तुझं तोंड का कडू?" मोरिओने विचारलं.

"ते म्हणाले, ड्रममध्ये जिवंतपणा आहे."

तोमोएने चॉपस्टिक खाली ठेवल्या. "आकिनोरी-सान, सरळ सांगा ना. मोरिओ-सानचा रामेन गार होईल."

"त्याचा गार होत नाही. बघ, संपलासुद्धा."

खरंच वाडगा रिकामा होता. मोरिओने तो बाजूला सरकवला. "बोल."

"रेकॉर्डिंग टिकटिकीवर करायचं. कानात यंत्र, सगळं एका वेगात. सेकंद इकडचा तिकडे चालणार नाही. आणि जमणार नसेल तर..." आकिनोरी भिंतीवरच्या, पदार्थांची नावं लिहिलेल्या पट्ट्या वाचू लागला. "तिकडे एक हानावा म्हणून ड्रमर आहेत. अशीच कामं करतात. नाव आपल्याच बँडचं येणार. जाहिरातीच्या फोटोत तूच. फक्त आवाज तेवढा..."

"फक्त आवाज," मोरिओ म्हणाला. "ड्रममधून आवाज काढला की काय उरतं रे? पिंप."

"मी नाही म्हणालो हे. ते म्हणाले."

"किती दिवस आहेत?"

"सहा आठवडे."

नाव छापून यावं अशी मोरिओला हौस नव्हती. बावीस वर्षांत पॉलिश केलेल्या एकाही चमच्यावर त्याचं नाव नव्हतं, आणि ते त्याला कधी खटकलं नव्हतं, कारण चमचा त्याच्या हातचा असे. इथे उलटं होणार होतं. नाव त्याचं आणि हात दुसऱ्याचा. साएकोला त्याने एवढंच सांगितलं, आणि तिने त्याच दिवशी जेवणाच्या टेबलाचा एक कोपरा मोकळा करून दिला.

त्या कोपऱ्यावर सरावासाठी रबराची चकती आली. रोज सकाळी कामाला निघण्याआधी चाळीस मिनिटं आणि कारखान्यात जेवणाच्या सुट्टीत वीस मिनिटं, कानात टिकटिक घालून मोरिओ वाजवू लागला. पहिल्या आठवड्यात तो दर वेळी ध्रुवपदाला टिकटिकीच्या पुढे गेला. दुसऱ्या आठवड्यात पुढे जाऊ नये म्हणून मागे राहिला, आणि ते ऐकायला जास्तच वाईट होतं.

"काय ऐकतोस रे रोज? बातम्या?" नेमोतोबाईंनी विचारलं आणि त्याच्या कानातला तुकडा स्वतःच्या कानाला लावून पाहिला. "एकच आवाज? सुट्टीभर?"

"हो."

"आमचे हे असेच बोलायचे." त्यांनी तुकडा परत दिला. "सवय होते."

खरी युक्ती तोमोएने सांगितली. "टिकटिक ऐकू येते ना, तेव्हा तुम्ही चुकलेले असता. बरोबर तिच्यावर मारलंत तर ती ड्रमच्या आवाजाखाली झाकली जाते, ऐकूच येत नाही. तिच्या मागे लागू नका, तिला गायब करा."

"हे आधी का नाही सांगितलंस?"

"तुम्ही विचारलंत कुठे? तुम्ही पुढे निघून गेला होतात."

पाचव्या आठवड्यात एका सकाळी टिकटिक पहिल्यांदा गायब झाली. यंत्र बंद पडलं असं वाटून मोरिओ थांबला, तर ते चालूच होतं. त्याने पुन्हा सुरुवात केली. पूर्ण एकोणनव्वद सेकंदं कानात फक्त त्याचाच हात होता. त्या आठवड्यापासून कारखान्यातही साडेअकराचं चाक आणि नऊचं चाक सारखं वाजू लागलं. नेमोतोबाई दोनदा त्याला तब्येतीचं विचारून गेल्या.

एप्रिलच्या तिसऱ्या सोमवारी सकाळच्या गाडीने तिघं टोकियोला गेले. स्टुडिओ तळघरात होता. बाहेरच्या सोफ्यावर पन्नाशीचा एक माणूस मांडीवर स्टिकची पिशवी घेऊन बसला होता. तो उठला आणि कमरेत वाकला. "हानावा. मी उगाच आलोय, गरज पडणार नाही. तुम्ही लक्ष देऊ नका."

"इगाराशी. तसदी दिली," म्हणत मोरिओही वाकला. दोघं एकमेकांपेक्षा खाली वाकायचा प्रयत्न करत राहिले, शेवटी तोमोएने मोरिओच्या शर्टाला धरून त्याला आत नेलं.

पहिला प्रयत्न चांगला झाला. दुसरा त्याहून चांगला. काचेपलीकडे होन्जोने दोन्ही हात डोक्यावर नेऊन मोठा गोल केला, उत्तम अशी खूण. रेकॉर्डिस्ट म्हणाला, पडद्यावर रेघा मारल्यासारखं आलंय. आकिनोरीचे कान आनंदाने लाल झाले होते. मोरिओने घाम पुसला. सहा आठवडे पोटात धरून ठेवलेली गोष्ट सुटली असं त्याला वाटलं.

तेवढ्यात कुझुमीबाई आल्या. बुटक्या, चाळिशीच्या, दोन रात्री झोपल्या नसाव्यात असा चेहरा. नवं गाणं चित्रांवर लावून बघूया, म्हणाल्या. सगळे पडद्यासमोर उभे राहिले. चित्रातल्या मुली नदीच्या बांधावरून धावत होत्या. पहिली वीस सेकंदं त्यांची पावलं ड्रमवर नेमकी पडत होती. मग हळूहळू पाय आणि ड्रम एकमेकांपासून सुटत गेले. शेवटच्या धावेत तर मुलीचा पाय हवेत आणि ठोका खाली, असं होऊ लागलं. लंगडी मुलगी पळते आहे असं दिसत होतं.

"माफ करा," कुझुमीबाई फार हळू म्हणाल्या, "पण हे ते गाणं नाही ना?"

"तेच आहे," होन्जो म्हणाला. "आता व्यवस्थित वाजवलंय."

"आधीचं कुठे आहे? आम्ही त्याच्यावर काढलंय सगळं. सुरुवातीला एका पावलाला साडेआठ चित्रं पडतात, शेवटी आठ. त्या मुली दमत नाहीत, उलट वेग घेतात. ते ऐकूनच तर मला सुचलं. हे मुद्दामच केलंय असं समजले मी."

"ते तात्पुरतं होतं," होन्जो म्हणाला.

"मला कोणी सांगितलं नाही."

"मला वाटलं, आपल्याला माहीत असेल. विचारणं बरं दिसलं नसतं."

"मलाही तसंच वाटलं."

दोघंही एकमेकांना वाकून माफी मागू लागले. एकवीसशे छत्तीस चित्रं होती. बरीचशी रंगूनही झाली होती आणि प्रक्षेपणाला तीन आठवडे उरले होते. कच्च्या रेकॉर्डिंगचा आवाज इतका गढूळ होता की तो तसाच वापरणं शक्य नव्हतं. मग सगळ्यांनी हळूच मोरिओकडे बघितलं.

"म्हणजे," मोरिओ म्हणाला, "चुकायचंय?"

"पूर्वीसारखं," कुझुमीबाई म्हणाल्या.

टिकटिक काढून टाकली. मोरिओने वाजवलं आणि ते सपाट आलं, पहिल्यापासून शेवटपर्यंत एकच वेग. पुन्हा वाजवलं. या वेळी ध्रुवपदाला त्याने हात मुद्दाम पुढे ढकलला, तर तो सगळा एकदम पुढे गेला, पायऱ्यांवरून घसरल्यासारखा. तिसऱ्या वेळी तो मधेच थांबला.

"मोरिओ, भूक लागली आहे असं समज," आकिनोरी माइकवरून म्हणाला.

"लागलीच आहे. तरी येत नाही."

"वीस वर्षं मी थांब म्हणून ओरडतोय तेव्हा थांबला नाहीस!"

"आकिनोरी-सान, गप्प बसा," तोमोए म्हणाली.

मोरिओ बाहेर येऊन सोफ्यावर बसला. शेजारी हानावा होताच. त्याने सगळं दारातून ऐकलं होतं. तो म्हणाला, "इगाराशी-सान, मी एक बोलू का? टिकटिक सरळच असली पाहिजे असं कुठे आहे? तुमच्या जुन्या रेकॉर्डिंगवर एकेका ठोक्याला खूण करून तीच टिकटिक बनवली तर? ती पळेल. तुम्ही फक्त तिच्यावर मारायचं."

रेकॉर्डिस्टला ते लगेच पटलं. त्या कामाला सव्वा तास लागला. तेवढ्या वेळात सगळ्यांनी डबे खाल्ले, आणि मोरिओने आयुष्यात पहिल्यांदा डब्यात भात शिल्लक ठेवला. स्टुडिओ चार वाजेपर्यंतच मिळाला होता. होन्जोने घड्याळाकडे पाहिलं, मग हानावाकडे.

"अशी टिकटिक मिळाली, तर म्हणजे, हानावा-सानही..."

वाक्य त्याने अर्धवट सोडलं. अर्थ सगळ्यांना कळला. हानावाने पिशवीच्या चेनीशी चाळा केला. तो नाही म्हणू शकत नव्हता, ते त्याचं काम होतं. हो म्हणायचंही त्याच्या मनात नव्हतं.

मोरिओ टोकियोच्या माणसांपुढे क्वचितच बोलत असे. तो उभा राहिला. "मला तीन वेळा द्या. तीन वेळा झालं की मी स्वतः त्यांना स्टूल पुसून देतो."

पहिल्या वेळी टिकटिक ध्रुवपदाला पळाली आणि मोरिओच्या हाताने तिला मागे ओढलं. सहा आठवडे तो हेच तर शिकला होता. आवाज दुहेरी झाला, आणि त्याने हात वर करून स्वतःच थांबवलं. दुसऱ्या वेळी तो तिच्या मागे लागला आणि प्रत्येक ठोका केसभर उशिरा पडला. काचेपलीकडे होन्जो चष्मा पुसत होता.

तिसऱ्या वेळी मोरिओने डोळे मिटले. टिकटिक पुढे कुठे जाईल याचा अंदाज घेणं त्याने सोडून दिलं. ध्रुवपद आलं. इथे सुटावं असं त्याला वाटलं, आणि नेमकी तिथेच ती सुटली. त्यानंतर त्याला ती ऐकू आली नाही.

चित्रांवर लावून पाहिलं. बांधावरच्या मुली धावल्या, वेग घेत गेल्या, आणि शेवटचं पाऊल शेवटच्या ठोक्यावर पडलं. कुझुमीबाईंनी सबंध वेळ मोरिओकडे एकदाही पाहिलं नाही, त्या फक्त पाय बघत होत्या. "हेच," त्या म्हणाल्या, आणि खुर्चीत बसल्या बसल्या झोपून गेल्या.

सव्वादोन वाजले होते. साडेतीन मिनिटांचं पूर्ण गाणं अजून बाकी होतं. ते विकायला जातं, चित्रांशी त्याचा संबंध नसतो. होन्जोने अगदी नम्रपणे विचारलं, "ते कसं करायचं? तुम्ही म्हणाल तसं. हवं तर असंच पळतं ठेवू."

आकिनोरी आणि तोमोए दोघांनी एकदम मोरिओकडे पाहिलं.

"सरळ," मोरिओ म्हणाला.

"सरळ? अरे, आता तर ते तुझं पळणंच मागतायत!"

"ते एकोणनव्वद सेकंदांत दिलं. सहा आठवडे घासलंय मी, तेही कुठेतरी ऐकू आलं पाहिजे."

"आणि लोक म्हणाले, एकाच गाण्याचे दोन वेग कसे?"

"म्हणू देत. ज्याला घाई आहे त्याने टीव्ही बघावा."

हानावा सोफ्यावरून उठून काचेशी आला होता. जायला मोकळा होता, पण त्याने पिशवी खाली ठेवली आणि ऐकू का, असं खुणेनं विचारलं. मोरिओने होकारार्थी मान हलवली, कानात टिकटिक घातली, आणि स्टिकने चार मोजले.