जिंजीच्या दगडाची मागची बाजू

मामा गेल्याचा फोन मद्रासला एग्मोरच्या ऑफिसात आला तेव्हा मी टाइपरायटरवर कागद चढवत होते. कागद तसाच राहिला... जन्मभर शाळेत इतिहास शिकवलेला आमचा मामा इतका गुपचूप गेला की शेजाऱ्यांनाही सकाळीच कळलं. मामी आधीच गेलेली, मूलबाळ नाही. "माझ्या नांवानं पाणी कोण सोडील गे?" असं तो कधी कधी हसत विचारी. मी विषय बदलत असे.

आमचं घराणं तंजावरचं. जिंजीचा किल्ला लढवताना आमचा एक पूर्वज पडला, आणि तिथल्या तळ्याकाठचा घोडेस्वार कोरलेला दगड त्याचाच, असं घरात सगळे सांगत. दर सर्वपित्रीला मामा मला घेऊन गाडीने तिंडीवनमला आणि तिथून बसने जिंजीला जाई. तो पाणी सोडी, मी तांब्या धरी. मद्रासेत तमिळ बोलत वाढलेले आम्ही मराठे कसे, हे मला समोरच्या त्या कातळांच्या डोंगराकडे बघूनच पटे.

एका वर्षी शेळ्या चारणारी एक म्हातारी जवळ आली. "आमच्या ताताला तुम्ही का पाणी देता?" तिने तमिळमध्ये विचारलं. मामा हसला. तिने दगडामागचं गवत बाजूला केलं, तर तिथे तमिळ अक्षरांत तिच्या घराण्याचं नाव! ती सांगत होती, तिचा हा ताता, म्हणजे पूर्वज, किल्ल्याला वेढा घालणाऱ्या फौजेतला. ती तमिळ आडी महिन्यात, आषाढाच्या सुमारास, दिवा लावी, आम्ही भाद्रपदात येऊ, त्यामुळे गाठ कधी पडलीच नव्हती. आणि आमच्या इतिहासाच्या मास्तरांनी वीस वर्षांत दगडाची मागची बाजू पाहिली नव्हती!

मामा खाली बसला. मला वाटलं, संपलं, आता जिंजी आपली राहिली नाही. पण त्याने तांब्या मागितला. "वीस वर्षं ज्याला जेवूं घातलें, त्याला आतां उपाशी कसा ठेवूं?" त्याने एकदा तिच्या ताताला पाणी सोडलं, एकदा आमच्या, कुठे पडला ते ठाऊक नसलेल्या पूर्वजाला. पुढे दरवर्षी ती पाट्टी, आमची तमिळ आजीच जणू, आमची वाट बघे. रणभूमी तिथे पडलेल्या सगळ्यांचीच असते, हे मी त्या दिवशी मामाकडून शिकले. त्याचे हे उपकार फार मोठे आहेत.

यंदा सर्वपित्रीला मी एकटीच गेले, पाट्टीला कळवायला. ऐकताच ती शेळ्या सोडून तळ्यात उतरली, ओंजळ भरून आली आणि मामाचं नाव विचारलं. इतकी वर्षं ती त्याला नुसतं 'वाद्यार' म्हणे, म्हणजे मास्तर. मी नाव सांगितलं. आपल्या तमिळ वळणाने ते सावकाश उच्चारून तिने ताताच्या दगडावर पाणी सोडलं.