मधली ओळ

"येऊ द्या, येऊ द्या... अजून... बास!" आणि डिकीवर दोन थापा. एसटीच्या खोपट डेपोतून कंडक्टर म्हणून रिटायर झालेले काका डोंबिवलीतल्या आमच्या गल्लीत सगळ्यांच्या गाड्या लावून द्यायचे. स्वतःची साधी सायकलही नव्हती.

असा एखादा माणूस तुमच्याही गल्लीत असेल. आमची गल्ली पुढे बंद, पार्किंग कुठल्याच इमारतीला नाही. सोसायटीची सेक्रेटरी म्हणून मी जागांची यादी तीनदा केली, भांडणंही तीनदा झाली. काकांनी कागदाला हात न लावता दोन्ही कडांच्या ओळींमध्ये तिसरी ओळ बसवली. आमच्याकडे लोक गाडी घरी ठेवून कामाला जातात, गाड्या निघतात त्या रविवारी. कोण आधी निघणार ते काका शनिवारी दारोदार विचारून यायचे.

"काका, मी दार कसं उघडू?"

"थोडं तिरकं उतरा, मॅडम. एसटीत माणसं खिडकीतून चढायची, तुम्हाला दाराचं पडलंय!"

वरून काकू ओरडायच्या, "अहो, जेवायला या! त्या गाड्या कुठे पळून जात नाहीत."

"पळाल्या तर सुटलो की गं!"

एका मंगळवारी दुपारी काकूंच्या छातीत कळ आली. अँब्युलन्स लगेच आली, पण नाक्यावरच अडली. मी रजेवर घरी होते. यादी काढून मधल्या ओळीतल्या एकेकाला फोन लावला.

"अहो, मी ठाण्याला आहे. चावी माझ्याच खिशात."

पुढचे चार फोनही तसेच. माझी गाडी काढायला धावले, तर ती मागून-पुढून अडकलेली.

काका गाड्यांकडे बघत उभे होते. "मीच लावल्यात," एवढंच म्हणाले.

स्ट्रेचर आत येईना. अँब्युलन्सच्या दोघांनी काकूंना प्लॅस्टिकच्या खुर्चीत बसवून उचललं. खुर्ची दोन ओळींमध्ये अडकू नये म्हणून काका पुढे झाले आणि एकेका गाडीचा आरसा आत मिटत चालू लागले. घाई नाही, एकही सुटला नाही.

काकू हॉस्पिटलच्या वाटेतच गेल्या. दिवसकार्य उरकल्यावर काकांचा धाकटा भाऊ त्यांना खडवलीला आपल्या घरी घेऊन गेला. त्यांच्या खोलीला तेव्हापासून कुलूप आहे.

पण मी सांगतेय ती त्याच मंगळवारची संध्याकाळ. शेजारच्या इमारतीतला एकजण कामावरून आला आणि वैतागून म्हणाला, "माझा आरसा कोणी मिटला?"

मी सांगितलं. आरसा उघडायला पुढे केलेला हात त्याने मागे घेतला.