आत्याच्या खांद्याचा एक्स-रे

मी मानवतच्या कॉलेजात फिजिक्स शिकवते, त्यामुळे घरात कुणाचंही तपासणीचं काम निघालं की फोन मलाच येतो. गेल्या वर्षी पेडगावहून आला. आत्या ट्रॅक्टरच्या ट्रॉलीवरून उतरताना पडली होती आणि तिचा खांदा सुजला होता.

आत्या धीट बाई. विळा लागला तर हळद दाबून पुन्हा कामाला लागणारी. पण परभणीत एक्स-रेच्या दारात ती अडली. आधीच्या पेशंटला टेबलावर झोपवून टेक्निशियन भिंतीआड गेलेला तिनं पाहिला होता.

"सगळे बाहेर पळायलेत अन् मला एकटीला आत ठिवायलेत," ती म्हणाली. "मी न्हाई जात."

टेक्निशियननं समजावलं, मीही समजावलं. ती बाकावरून हलेना. दुपारी शेतातून आली की ही बाई गल्लीतल्या पोरींना घेऊन कॅरम मांडते आणि सहसा हरत नाही. म्हटलं, तिथूनच सुरुवात करावी.

एक्स-रे म्हणजे प्रकाशच, फक्त लय जोराचा, असं मी सांगितलं. त्याचा एकेक कण, म्हणजे फोटॉन, हा स्ट्रायकर समज आणि तुझ्या अंगातले इलेक्ट्रॉन म्हणजे सोंगट्या. काही कण न अडता पार जातात, फोटो त्यांच्यामुळे निघतो. काही मात्र इलेक्ट्रॉनला धडकतात, आपला थोडा जोर त्याला देतात आणि वाट बदलून खोलीत कुठंही उडतात.

तिनं विचारलं, किती जोर देतात. मी म्हटलं, निसटता लागला तर थोडाच. समोरून आदळून माघारी फिरला तर सगळ्यात जास्त. हे तिला पटलं.

"मग त्यो बी मंद पडत असंल, स्ट्रायकरवानी."

इथं कॅरम मला पुरेना. प्रकाश मंद पडत नाही. धडकेनंतरही वेग तोच, फक्त त्याची लाट लांबते आणि जोर उतरतो. एवढं सांगून मी तिच्या तोंडाकडं बघत राहिले. तिनं ते चालवून घेतलं आणि मूळ मुद्द्यावर आली: मग हा माणूस पळतो कशाला?

"तुझा एकच फोटो," मी म्हटलं. "त्याच्यावर मात्र प्रत्येक पेशंटच्या अंगावरून उडालेले कण पडणार. रोज."

आत्यानं टेक्निशियनकडं पाहिलं. "जा बाबा, तू भिंतीमागं थांब," म्हणाली आणि स्वतःहून आत गेली.

दुखण्यामुळं तिचा हात सरळ राहीना. मग मला शिशाचा जड एप्रन चढवून तिचं कोपर धरायला उभं केलं. तिनं डोळे गच्च मिटले. काम झाल्याचं तिला कळलंच नाही. आणखी थोडा वेळ ती तशीच पडून होती.

गळ्याजवळच्या हाडाला बारीक तडा निघाला. डॉक्टरांनी हात झोळीत बांधला आणि कॅरमसुद्धा बंद ठेवायला सांगितलं. आत्याला राग आला तो एवढ्याचाच.

परतीच्या एसटीत शेजारच्या बाईनं हाताचं विचारलं, तर आत्यानं तिला सगळं सांगितलं. शेवटी म्हणाली, धडकला की उजेड दमतो. मी मध्येच म्हटलं, दमत नाही, वेग तोच राहतो.

"तू गप," आत्या म्हणाली. "तुला कॉलेजात सांगायचंय, मला गावात."

ती बाई लक्ष देऊन ऐकत होती. तिचा थांबा आला, तरी उतरता उतरता तिनं विचारलंच, असला उजेड डोळ्याला दिसतो का. मी नाही म्हणेपर्यंत एसटी हलली होती.