बेट बुडू नये म्हणून

मागच्या हिवाळ्यात एका दुपारी फोनवर एक जाहिरात दिसली. मी शाळेत असताना कॉम्प्युटरवर एक खेळ खेळायची. तो मधे बरीच वर्षं बंद होता आणि आता पुन्हा सुरू होत होता. जुन्या खेळाडूंनी आपलं युजरनेम आणि पासवर्ड टाकावा, त्यांचं बेट त्यांना जसंच्या तसं परत मिळेल, असं खाली लिहिलं होतं.

मी नागपूरला भाड्याच्या फ्लॅटमध्ये एकटी राहते. काम घरूनच असतं. कधी कधी संध्याकाळी भाजीवाल्याशी बोलताना लक्षात येतं की आज आपला आवाज पहिल्यांदाच निघतोय. अशाच एका दिवशी ती जाहिरात दिसली, म्हणून मी हातातलं काम सोडलं आणि खेळाचं पान उघडलं.

तिथे युजरनेम विचारलं होतं. मला ते आठवेना.

समुद्र या शब्दावरून काहीतरी होतं, एवढं नक्की माहीत होतं. मी इंग्रजीत समुद्र लिहिता येईल तितक्या तऱ्हांनी लिहून पाहिलं. पुढे जन्मसाल जोडलं, शाळेचा हजेरी क्रमांक जोडला. प्रत्येक वेळी तेच लाल अक्षरांतलं उत्तर आलं, असा खेळाडू नाही. त्या काळी जो ईमेल दिला होता, त्याची सेवाच आता अस्तित्वात नाही. शाळेतल्या एका मैत्रिणीला फोन केला. ती म्हणाली, "तू गेम खेळायचीस? मला तर आठवतच नाही."

आठवणार तरी कसं? हा खेळ मी कोणाबरोबर खेळलेच नव्हते.

तेव्हा आम्ही मुकुटबनला राहत होतो. आई तिथल्या सरकारी दवाखान्यात नर्स होती आणि दवाखान्याच्या आवारातच आम्हाला क्वार्टर मिळालं होतं. बाबा मी लहान असतानाच गेले होते. घरात आम्ही दोघीच. महिन्यातून एकदा आईची बैठक पांढरकवड्याला असायची. बैठक सुट्टीच्या दिवशी आली की आई मलाही सोबत न्यायची आणि बैठक संपेपर्यंत बसस्टँडजवळच्या सायबर कॅफेत बसवून ठेवायची. मालक ओळखीचा होता. बाहेर हैदराबादकडे जाणाऱ्या ट्रकांची घरघर चालू असायची आणि आत प्लायवूडच्या खोक्यांत आम्ही पोरंपोरी स्क्रीनला डोळे लावून बसायचो. तिथेच मला तो खेळ सापडला.

खेळ साधाच होता. प्रत्येकाला समुद्रात एक बेट मिळायचं. झाडं लावायची, दगड फोडायचा, घरं बांधायची, धक्का बांधून बोटी सोडायच्या. शेजारच्या बेटांवर कोण राहतं ते माहीत नसायचं, फक्त त्याचं खेळातलं नाव दिसायचं. त्याला बोटीतून माल पाठवता यायचा किंवा त्याच्यावर हल्ला करता यायचा. नियम एकच कडक होता. बरेच दिवस कोणी फिरकलं नाही की पाणी चढायला लागायचं. आधी धक्का जायचा, मग झाडं, मग घरं. शेवटी बेट बुडायचं आणि नकाशावर तिथे नुसतं निळं राहायचं.

मी तोवर समुद्र पाहिलेला नव्हता. आमच्याकडे पाणी म्हणजे आवारातला हातपंप. दिवाळीच्या पुढेमागे गावाबाहेर जिकडे बघावं तिकडे कापूस फुटलेला असायचा. मी खेळात निळ्या पाण्यात बोटी सोडायची आणि मला फार श्रीमंत वाटायचं.

पुढे त्या कॅफेवाल्याने नवे कॉम्प्युटर घेतले तेव्हा त्याच्याकडचा एक जुना आईने माझ्यासाठी आणला. टेलिफोनच्या तारेवरून इंटरनेट यायचं, तेही मनात असेल तेव्हा. कॉम्प्युटर घरी आल्यावर युजरनेम पहिल्यांदा एकदाच टाकलं असेल. नंतर ते आपोआप तिथे दिसायचं, मी नुसतं बटण दाबायची. रोज वापरलेलं ते नाव माझ्या बोटांना कधी पाठच झालं नव्हतं.

ती कापसाची वाईट वर्षं होती. पेपरात आमच्या जिल्ह्याचं नाव सारखं यायचं. गाड्या भरून बाहेरचे लोक यायचे, कॅमेरे यायचे आणि संध्याकाळच्या आत परत जायचे. आमच्यापर्यंत ती वर्षं पेपरातून आली नाहीत. ती दवाखान्याच्या फाटकातून बैलगाडीत, जीपमध्ये, कधी मोटरसायकलवर दोघांच्या मधे धरून बसवलेली आली. फवारणीचं औषध प्यालेला माणूस आणला की आवारात आरडाओरडा व्हायचा. माझ्या खोलीची खिडकी त्याच बाजूला होती. मी ती लावून घ्यायची आणि कॉम्प्युटरचा आवाज वाढवायची.

नाकात नळी घालून पोट धुवायचं काम आईकडे असायचं. घरी आली की ती आधी न्हाणीत जायची, साबणाने कोपरापर्यंत हात धुवायची, पुन्हा धुवायची. तरी त्या औषधाचा उग्र वास तिच्या साडीला असायचाच. मग ती कणीक मळायला बसायची. माणूस वाचला की नाही हे मी विचारत नसे आणि तीही सांगत नसे. जेवताना ती एवढंच विचारायची, "अभ्यास झाला का?" मी हो म्हणायची. जेवण झालं की ती स्वयंपाकघरात आणि मी बेटावर.

बारावीनंतर मी पुण्याला शिकायला गेले. तिथे होस्टेल, मैत्रिणी, परीक्षा, पुढे नोकरी. बेट मनातून गेलं. बुडालंच असणार, असाही विचार कधी आला नाही.

तर त्या दुपारी सगळे प्रयत्न फसल्यावर मी आईला फोन केला. खरं तर नाव विचारायला नव्हे. तिला ते माहीत असेल असं मला स्वप्नातही वाटलं नसतं. सहज बोलायला म्हणून केला. ती आता निवृत्त होऊन पांढरकवड्याला राहते.

"आई, मुकुटबनला असताना मी तो बेटांचा खेळ खेळायची, आठवतो?"

"हो. त्याचं काय?"

"तो परत सुरू झाला. पण माझं त्यातलं नाव मला आठवून नाही राह्यलं."

मग ती एकेक अक्षर सुटं करून बोलली, औषधाच्या बाटलीवरचं नाव वाचावं तसं.

"एस, एम, यू, डी, आर. मग खालची रेघ. मग एम, बी. त्यात ए नाही कुठंच. मले आधी वाटे, तुई स्पेलिंग चुकली का काय."

मी पटकन टाकलं. लाल अक्षरं आली नाहीत. आणि तेव्हा एकदम आठवलं. कॅफेतल्या त्या कीबोर्डवरचं ए हे बटण दाबलंच जात नव्हतं. म्हणून समुद्र मी ए शिवाय लिहिला होता आणि पुढे मुकुटबनची दोन अक्षरं जोडली होती.

"आई, तुले कसं काय माहीत?"

"माहीत नसायला काय झालं? रोज टाकत होती मी."

"तू?"

"तू पुण्याले गेली, मंग त्या कॉम्प्युटरवर एक दिवस आलं, बेटावर पाणी चढून राह्यलं म्हणून. म्हटलं, पोरगी दिवाळीत येईन अन् पाहीन तं बेट बुडलेलं. तुई वही होती टेबलावर, तिच्या मागं नाव अन् पासवर्ड लिहिला होता. कॉम्प्युटरवर नाव आपोआप येणं बंद झालं होतं, रोज टाकाव लागे. पहिले तं नुसतं उघडून बंद करत होती. पाणी उतरे. मंग एकदा एक झाड लावून पाह्यलं."

"मग?"

"मंग लागली गोडी," असं म्हणून ती हसली. लाजल्यासारखी.

पासवर्डही तिनेच सांगितला. तो तिचाच वाढदिवस होता, हेही मी विसरले होते.

बेट उघडलं. पण ते माझं बेट नव्हतं. मी चारही बाजूंनी तटबंदी घातली होती आणि धक्क्यावर लढाईच्या बोटी उभ्या केल्या होत्या, कारण मला शेजाऱ्यांवर हल्ले करायला आवडायचं. त्यातलं काही उरलं नव्हतं. तट पाडून त्याच दगडांच्या विहिरी बांधल्या होत्या. किनाऱ्याने नारळांची रांग होती, मधे कौलारू घरं आणि प्रत्येक घरासमोर दिवा. लढाईची बोट एकही नव्हती. होत्या त्या सगळ्या माल वाहायच्या. हे एका रात्रीत उभं राहण्यासारखं काम नव्हतं. कोणीतरी वर्षानुवर्षं रोज थोडं थोडं केलेलं होतं.

पुढच्या शनिवारी मी बसने पांढरकवड्याला गेले. लॅपटॉप सोबत घेतला होता. दुपारी जेवणं झाल्यावर आम्ही ओसरीत बसलो. आईने चष्मा लावला आणि स्क्रीन जवळ ओढला. मग बेटाच्या उजव्या बाजूच्या रिकाम्या पाण्यावर तिने बोट ठेवलं.

"इथं एक बेट होतं. रोज संध्याकाळी माह्यासाठी मासोळ्यांची बोट पाठवे."

"कोण होतं?"

"काय माहीत. बाई होती का माणूस, कोणत्या देशातलं, काही नाही समजलं. मी इकडून लाकूड पाठवत होती. त्यायच्याकडे झाडं कमी होती. लिहून बोलता येत होतं, पण काय लिहाव? मी हॅलो लिहो, त्यायचं हॅलो ये. बस, एवढंच. पण ड्युटीवरून आली का पहिले पाहो, बोट आली का नाही."

"मग?"

"मंग एका पावसाळ्यात येणं बंद झालं. त्यायच्या धक्क्यावर पाणी चढलं. मी आपली बोटी पाठवतच राह्यली. दुसऱ्याच्या बोटीनं पाणी काही उतरत नाही तिथं, ज्याचं त्यानंच याव लागते. माहीत होतं मले. तरी पाठवल्या. मंग ते बुडलं." तिने चष्मा काढून पदराने पुसला. "त्या दिवशी दवाखान्यात एकही केस नव्हती. सगळे म्हणत होते, सिस्टर, आज दिवस चांगला गेला. अन् मले घरी येऊन रडू आलं. लोकायसाठी कधी रडली नाही मी, तेवढा वेळच नव्हता. अन् त्या बेटासाठी रडली. पाह्य बाप्पा, कसं असते माणसाचं."

पुण्याहून मी तिला दर रविवारी फोन करायची. जेवलीस का, बरी आहेस का, पाऊस आहे का. ती सगळं ठीक आहे म्हणायची. आणि फोन ठेवल्यावर ती त्या कॉम्प्युटरसमोर बसायची, माझ्या नावाने.

"मला कधी सांगितलं काहून नाही?"

"काय सांगू? पन्नाशीची बाई गेम खेळते म्हणून? अन् तू घाईत राहे." तिच्या आवाजात तक्रार नव्हती. "दवाखान्यात दिवसभर लोक बोलतच राहत माह्याशी. सिस्टर इकडं या, सिस्टर तिकडं या. घरी आली का एकदम चूप. आधी तुह्या खोलीतून गेमचा टिंग टिंग आवाज ये. तू गेली तं तोही बंद झाला. तो आवाज आला का बरं वाटे मले."

तो आवाज मी खिडकीबाहेरचं ऐकू येऊ नये म्हणून वाढवायची. ती भिंतीपलीकडून तोच ऐकत कणीक मळायची.

"अन् खेळच बंद झाला तेव्हा?"

"तेव्हा काय. काही दिवस करमलं नाही. मंग रिटायर झाली, इकडं आली. मोगरा लावला."

मी तिला म्हटलं, आता तूच खेळ, हे बेट तुझंच आहे, तुझ्या फोनवर घालून देते. तिने एक विहीर उघडून पाहिली, एका घराचा दिवा लावला, पुन्हा विझवला. मग लॅपटॉप माझ्याकडे सरकवला.

"नाही. आता नोको. तेव्हा जरूरत होती, आता नाही राह्यली. आता शेजारीण येते, मंदिरात जातो आम्ही, सकाळी फिरायले जातो. तुले पाहिजे तं तू ठेव."

शेजारीण खरंच थोड्या वेळाने आली. दोघींनी मिळून हरभऱ्याची भाजी निवडली आणि मोठमोठ्याने गप्पा मारल्या. मी आत पडून ऐकत होते. आई इतकं बोलते हे मला नवीन होतं.

रविवारी नागपूरला परतले. आता रोज काम संपलं की मी ते बेट उघडते. नव्याने सुरू झालेल्या त्या समुद्रात जुने लोक फार आलेले नाहीत. आजूबाजूला लांबवर पाणीच आहे. धक्क्यावर बोटी उभ्या आहेत, पण पाठवायच्या कुठे हा प्रश्न आहे. मी झाडांना पाणी घालते आणि बंद करते.

परवा असंच बसले असताना आईचा फोन आला.

"काय करून राह्यली?"

"काही नाही. बेट पाहत होते."

"रोज पाह्यते का?"

"हो."

मग तिने विचारलं, "तुह्याकडं कोणी येते का गं संध्याकाळी?"

इतक्या वर्षांत आम्ही एकमेकींना जेवण, तब्येत, पाऊस सोडून काही विचारलं नव्हतं. माझ्या तोंडावर नेहमीचं उत्तर आलं होतं, सगळं ठीक आहे म्हणून. ते मी दिलं नाही.

"नाही," मी म्हटलं. "कोणी नाही येत."

"बरं," आई म्हणाली. तिने फोन ठेवला नाही. मीही ठेवला नाही. पलीकडे तिने स्टीलचा डबा उघडल्याचा आवाज आला, मग नळाचा. ती स्वयंपाकाला लागली होती आणि फोन तिने ओट्यावर तसाच चालू ठेवला होता.